अंतरिम हुकूम आणि अपील

दोन शेजाऱ्यांचा दावा चालूं असतांना वादाची भिंतच पाडली गेली, तर जिंकणाऱ्याच्या हातीं काय उरणार? म्हणून १९०८ च्या दिवाणी प्रक्रिया संहितेंत तात्पुरत्या मनाईहुकुमाची तरतूद आहे. तो हुकूम दिला किंवा नाकारला, तरी नाराज पक्षास आदेश ४३, नियम १ अन्वयें अपील करतां येतें. जिल्हा न्यायालयांत ३० दिवसांच्या आंत, उच्च न्यायालयांत ९० दिवसांच्या. साक्षीदार बोलावण्याचा अर्ज नाकारल्यास मात्र असें अपील नाहीं; ती तक्रार अंतिम निकालावरील अपिलांत करावी.

अपील म्हणजे नव्यानें सुनावणी, असा पक्षकारांचा समज असतो, आणि तो महाग पडतो. १९९० सालीं वाँडर विरुद्ध अँटॉक्स या प्रकरणांत सर्वोच्च न्यायालयानें सांगितलें कीं, खालच्या न्यायालयानें आपला विवेकाधिकार मनमानीनें, किंवा कायद्याचीं प्रस्थापित तत्त्वें डावलून वापरला असेल, तरच वरच्यानें हात घालावा. केवळ आपलें मत निराळें पडलें असतें, हें कारण पुरेसें नाहीं. या अपिलाच्या निकालावर संहितेखालीं पुन्हां अपीलही नाहीं.

शिवाय मनाई नाकारली गेली असेल, तर नुसतें अपील दाखल केल्यानें भिंत वांचत नाहीं. अपिलाबरोबरच अंतरिम संरक्षणाचा स्वतंत्र अर्ज द्यावा लागतो.