आधी कड बांधा

ब्लाउज बगलेत फाटला, की आपण शिवणीला दोष देतो. पण पुष्कळदा टीप शाबूत असते… सुटलेली असते ती कापडाची कड. विणलेलं कापड कापलं, की कडेचे धागे मोकळे होतात. प्रत्येक धुण्यात ते थोडे निसटतात… आणि शेवटी शिवणीपर्यंत पोचतात. म्हणून कड बांधणं ही हौस नव्हे. शिवणीचं आयुष्य त्यावर ठरतं.

कुणी म्हणेल, ओव्हरलॉक मशीन घरी कुठे असतं? खरं आहे. ते मशीन पात्याने कड कापतं… आणि लगेच तीन-चार धाग्यांनी ती गुंडाळतं. पण घरच्या मशीनवर झिगझॅग असेल, तरी भागतं. सुई एकदा कापडात पडू द्या… एकदा कडेच्या किंचित बाहेर. दुसरी शंका मायेची, म्हणजे शिवणीबाहेर राखलेल्या कापडाची. पातं माया खाऊन टाकेल का? तुकडे जोडल्यावर ओव्हरलॉक केलं, तर हा धोका आहेच. म्हणून आधी कड बांधा… मग तुकडे जोडा. म्हणजे पुढे ब्लाउज सैल करता येतो. आणि हो, पहिला टाका त्याच कापडाच्या चिंधीवर घालून बघा. कड आकसत असेल, तर धाग्याचा ताण थोडा कमी करा.