तेजीत बंदी, मंदीत मोकळीक

१९९१ नंतर जागतिकीकरणावर मराठीत जी भाषणे झाली, त्यांतली बहुतेक दोनच सुरांत झाली. एक सूर ‘जग खुले झाले’ असा आणि दुसरा ‘देश विकायला काढला’ असा. दोन्हींची एक मोठी सोय आहे. जकातीचा दर, अधिसूचनेची तारीख, बाजार समितीतला भाव असल्या रुक्ष गोष्टींकडे वक्त्याला पाहावे लागत नाही. मी आज त्या रुक्ष गोष्टींपाशीच थांबणार आहे. जागतिकीकरणाने संगणक अभियंत्याला काय दिले, हे आपल्याला पाठ आहे. कांदा, कापूस, सोयाबीन आणि द्राक्ष पिकवणाऱ्याला मात्र ते चार वेगळ्या रूपांत भेटले. माझे म्हणणे असे की, यातला तोटा जगाशी व्यवहार केल्यामुळे जितका झाला, त्याहून अधिक त्या व्यवहाराचे नियम आपणच मध्येच आणि एकाच बाजूने बदलत राहिल्यामुळे झाला.

कांद्याची गोष्ट ताजी आहे. ऑगस्ट २०२३ मध्ये निर्यातीवर ४० टक्के शुल्क लागले. ऑक्टोबरच्या अखेरीस किमान निर्यातमूल्य टनाला ८०० डॉलर ठरले. ८ डिसेंबरपासून निर्यात पूर्ण बंद झाली. ही बंदी ३१ मार्च २०२४ पर्यंतच असल्याचे सांगितले होते, ती तारखेआधीच वाढवली गेली. मे २०२४ मध्ये ऐन लोकसभा निवडणुकीत बंदी उठली. पण ५५० डॉलर किमान मूल्य आणि ४० टक्के शुल्क ठेवून. सप्टेंबरमध्ये किमान मूल्य गेले आणि शुल्क २० टक्क्यांवर आले. १ एप्रिल २०२५ ला तेही गेले. वीस महिन्यांच्या आत एका पिकाचा नियम सहा वेळा बदलला. आता यात शेतीचे गणित घाला. डिसेंबरात लासलगाव, पिंपळगावच्या आवारात येतो तो लाल कांदा. उन्हाळ कांद्यासारखा तो चाळीत महिनोन् महिने टिकत नाही. काढला की विकावाच लागतो. म्हणजे बंदी अशा वेळी आली की, शेतकऱ्याला थांबण्याचीही सोय नव्हती. २०१९ च्या अशाच एका बंदीनंतर बांगलादेशाच्या तेव्हाच्या पंतप्रधान शेख हसीना दिल्लीत आल्या होत्या. आपल्या स्वयंपाक्याला कांदा न वापरण्याची सूचना द्यावी लागली, असे त्या हसत म्हणाल्या आणि पुढच्या वेळी आधी कळवा, अशी विनंतीही त्यांनी केली. हसण्यावारी गेलेले ते वाक्य खरे तर एका गिऱ्हाइकाची तक्रार होती. गिऱ्हाईक पुढे पाकिस्तान, चीन, इजिप्तकडे वळते, आणि बंदी उठली म्हणून दुसऱ्या दिवशी परत येत नाही.

कापूस आणि सोयाबीनकडे वळलो की चित्र उलटे दिसते. तिथे निर्यातीपेक्षा आयातीचे दार महत्त्वाचे आहे. २०२१ च्या पावसाळ्यात सोयाबीन क्विंटलला दहा हजारांवर गेले. ऑगस्टमध्ये १२ लाख टन जनुकबदल सोयापेंड आयात करायला परवानगी मिळाली, डिसेंबरात सोयाबीनचे वायदे थांबवले गेले. जगात तेजी होती, तिचा लाभ आपल्या शेतापर्यंत पोहोचू नये याची तजवीज झाली. पुढे मंदी आली. २०२४-२५ चा हमीभाव ४,८९२ रुपये असताना बाजारात त्याखाली सौदे होत होते, आणि तशातच मे २०२५ मध्ये कच्च्या खाद्यतेलावरील मूळ आयातशुल्क २० वरून १० टक्क्यांवर आणले गेले. कापसाचेही तेच. अमेरिकेने भारतीय मालावर ५० टक्के आयातकर जाहीर केल्यावर आपल्या सरकारने ऑगस्ट २०२५ मध्ये कापसावरचे ११ टक्के आयातशुल्क आधी सप्टेंबरअखेरपर्यंत आणि मग डिसेंबरअखेरपर्यंत माफ केले. ही मुदत म्हणजे नेमका वऱ्हाडातल्या वेचणीचा काळ. अमेरिकन शेतकऱ्याच्या कापसाला तिथल्या सरकारचे भरघोस अनुदान असते, ब्राझीलने त्यावर जागतिक व्यापार संघटनेत खटला जिंकला होता, हेही लक्षात ठेवा. तेजीत बंदी आणि मंदीत मोकळीक अशी ही रीत आहे. प्रगत देशांच्या ओईसीडी या संघटनेच्या २०१८ च्या अहवालात या रीतीचा हिशेब सापडतो. २००० ते २०१६ या काळात भारतीय शेतकऱ्याला धोरणांतून मिळालेला निव्वळ आधार सरासरी उणे १४ टक्के होता. शेतकरी संघटनेचे शरद जोशी ज्याला ‘उणे सबसिडी’ म्हणत, ती हीच. जागतिक व्यापार कराराच्या डंकेल प्रस्तावाविरुद्ध देशभर मोर्चे निघत असताना ते त्या प्रस्तावाच्या बाजूने उभे राहिले, आणि त्यांच्या मांडणीचा कणा हाच होता की, शेतकऱ्याला बाहेरच्या लुटारूपेक्षा घरच्या धोरणाने जास्त नाडले आहे. त्यांचे सगळे पटले पाहिजे असे नाही. मला ते सगळे पटत नाही, कारण अनुदानित परदेशी मालाशी उघड्या अंगाने झुंजता येते यावर त्यांचा जरा जास्तच भरवसा होता. पण हिशेबाचा हा भाग त्यांनी बरोबर मांडला.

यावर पहिला आक्षेप ग्राहकाचा. कांदा शंभर रुपये किलो झाला तर हातावर पोट असलेल्याने काय करायचे? आक्षेप खरा आहे, आणि त्यात आणखी एक पदर घालायला हवा. खेड्यातला भूमिहीन मजूर हाही धान्य-तेल विकत घेणाराच असतो, त्यामुळे शेतमालाची तेजी म्हणजे गावाचे भले, हे समीकरण पुरते खरे नाही. पण त्याच मजुराचे रोजगाराचे दिवसही कांद्याच्या लागवडीत, काढणीत आणि कापसाच्या वेचणीतच आहेत. भाव पडला की पुढच्या हंगामात लागवड घटते आणि ते दिवसही घटतात. गरिबाला स्वस्त कांदा द्यायचा असेल तर तो सरकारी खजिन्यातून द्यावा. रेशन आहे, नाफेडचा राखीव साठा आहे. त्या स्वस्ताईचे बिल चांदवड किंवा येवल्याच्या दोन एकरवाल्याच्या नावावर फाडणे हा गरिबांचा कैवार झाला नाही. दुसरा आक्षेप गिरण्यांचा. सुताचा भाव चढला तर इचलकरंजीचे यंत्रमाग आणि तिरुपूरचे कारखाने थंडावतात, कामगार घरी बसतात. हेही खरे. पण वॉशिंग्टन आणि दिल्ली यांच्या भांडणाची किंमत यवतमाळने का भरावी, याचे उत्तर त्यात मिळत नाही. गिरण्यांना मदत हवी होती तर ती थेट देता आली असती.

तिसरा आक्षेप जुना आणि मानाचा आहे: मग जगाशी व्यवहारच कमी का करू नये? त्यासाठी थोडे मागे जाऊ. १८६१ मध्ये अमेरिकेत यादवी सुरू झाली आणि इंग्लंडच्या गिरण्यांचा बहुतांश कापूस तुटला. मुंबईत पैशाचा पूर आला. प्रेमचंद रायचंदांच्या काळातला तो शेअरबाजार १८६५ मध्ये युद्ध संपताच कोसळला. तेजीच्या काळात सावकारांनी हात सैल सोडला होता, मंदीत तो आवळला. त्यातच सरकारने शेतसाऱ्याची फेरआकारणी केली. मे १८७५ मध्ये पुणे जिल्ह्यातल्या सुप्याच्या बाजारात शेतकऱ्यांनी सावकारांची खतपत्रे जाळली. इतिहासकारांत कापसाच्या वाट्याबद्दल मतभेद आहेत. पुणे-नगर हे काही कापसाचे माहेरघर नव्हे. पण पतपुरवठ्याचा फुगा आणि साऱ्याचा ताठरपणा यांवर फारसा वाद नाही. जगाची मंदी आली तेव्हा सारा लवचीक नव्हता, म्हणून ती जिव्हारी लागली. ज्या वर्षी सुपे पेटले, त्याच वर्षी न्यायमूर्ती रानड्यांनी पुण्यात वसंत व्याख्यानमाला सुरू केली. याच रानड्यांनी पुढे खुल्या व्यापाराच्या इंग्रजी सिद्धांताला विरोध केला, जर्मन अर्थतज्ज्ञ लिस्टचा आधार घेतला. मात्र त्यांनी मागितले ते नवजात उद्योगांना सरकारचे पाठबळ. जगाकडे पाठ फिरवा, असे ते म्हणाले नाहीत. आणि आज तर खाद्यतेलाचा निम्म्याहून अधिक भाग बाहेरून आणणाऱ्या देशाला पाठ फिरवायला जागाही उरलेली नाही.

उरले द्राक्ष. युरोपात द्राक्ष पाठवायचे तर कीडनाशकांच्या उर्वरित अंशाची मर्यादा तिकडचे लोक ठरवतात, नाशिकला कोणी विचारत नाही. २००६ पासून अपेडा या केंद्राच्या निर्यात-प्रोत्साहन संस्थेच्या ‘ग्रेपनेट’मध्ये बागेची नोंद होते, नमुना प्रयोगशाळेत जातो, तपासणीत उतरला तरच माल निघतो. तरीही २०१० मध्ये घात झाला. बागायतदार ज्याला लिहोसिन म्हणून ओळखतात, त्या क्लोरमेक्वॅट क्लोराइडचे अंश युरोपात सापडले. आपल्या तपासणीच्या यादीत ते नव्हतेच. कंटेनर अडकले, कर्जे थकली. नियम कठोर होता, कदाचित गरजेपेक्षा जास्तच. पण तो लेखी होता आणि पुढच्या आठवड्यात बदलणार नव्हता. त्यामुळे बागायतदार संघाला, मांजरीच्या द्राक्ष संशोधन केंद्राला आणि सरकारला मिळून त्याच्याशी जुळवून घेता आले, आणि निर्यात पुन्हा उभी राहिली. मोहाडीच्या सह्याद्री फार्म्ससारखी शेतकऱ्यांची कंपनीही याच काळात वाढली. एकट्या बागायतदाराला प्रयोगशाळा, शीतगृह आणि परदेशी सुपरमार्केटचा करार हे तिन्ही पेलत नाही, कंपनीला पेलते.

द्राक्षाचे कौतुक ऐकून कोणी म्हणेल, ही पाण्याची आणि भांडवलाची शेती आहे, जिरायत वऱ्हाडाला तिचा काय उपयोग? बरोबर. एकरी लाखोंचा खर्च तिथे झेपणार नाही. शिवाय बाहेरचे नियम नेहमीच स्थिर असतात असेही नाही. बांगलादेशाने २०१९ नंतर संत्र्यावरचा आयातकर टप्प्याटप्प्याने चढवला आणि वरूड-मोर्शीच्या बागांची कोंडी झाली. तो आपल्या कांदाबंदीचा सूड होता असे म्हणायला पुरावा नाही, पण ‘आधी कळवा’ असे ढाक्याला आज सुनावण्याचा नैतिक अधिकार आपण गमावला आहे. २०२४ च्या हंगामात तांबड्या समुद्रातल्या हल्ल्यांमुळे द्राक्षांची जहाजे आफ्रिकेला वळसा घालून गेली, त्यावर तर कोणाचाच इलाज नव्हता. जगाचा लहरीपणा आपल्या हाती नाही. दिल्लीचा आहे.

म्हणून माझी मागणी मोठी नाही. आयात-निर्यातीचा नियम पेरणीपूर्वी जाहीर व्हावा आणि हंगाम संपेपर्यंत पाळला जावा. टंचाई खरोखरच ओढवली आणि नियम मोडावाच लागला, तर त्या दिवशी बंदरात, वाटेत आणि शेतात काढून पडलेल्या मालाची भरपाई कोण, किती आणि कधीपर्यंत देणार, हे त्याच अधिसूचनेत छापण्याची सक्ती असावी. निवडणुकीत मते मागायला येणाऱ्यांना जागतिकीकरणाच्या बाजूचे की विरोधातले हे विचारण्याऐवजी, एवढे एक कलम कायद्यात घालणार का, हे आपण विचारावे.