साहेबांच्या शेजारी उभा असलेला माणूस

(संस्थेच्या रौप्यमहोत्सवी मेळाव्यात केलेले भाषण)



'माझा आवडता नट' या विषयावर बोलायला मला सात मिनिटं दिली आहेत. बँकवाले काका डॉक्टर लागूंवर बोलतील असं तुम्हाला वाटलं असेल. मी बोलणार आहे नायजेल हॉथॉर्न या इंग्रज नटावर.

'येस मिनिस्टर' मालिकेत मंत्र्यांच्या शेजारी अदबीने उभे राहून त्यांच्या मनासारखं काहीही होऊ न देणारे सचिव सर हम्फ्री, ते हे. आपल्याकडे फारुख शेख यांची 'जी मंत्रीजी' याच मालिकेवरून आली. मी ब्रँचमध्ये असताना एका मित्राने तिची कॅसेट दिली होती. सर हम्फ्रींचं वाक्य सुरू झालं की संपायचंच नाही, आणि अर्थ एवढाच की 'होणार नाही'. वरून येणारी पत्रं वाचून माझी तयारी झालेली होतीच. (टाकीच्या दुरुस्तीला आपण तीन वर्षं 'तत्त्वतः मान्यता' देतो आहोत, तेही त्यांना आवडलं असतं.)

हॉथॉर्नचा जन्म १९२९चा, कॉव्हेंट्रीचा. वडील डॉक्टर. कुटुंब केपटाऊनला गेलं, आणि १९५०मध्ये तिकडेच तो रंगभूमीवर आला. पुढच्या वर्षी लंडन गाठलं, पण तिथे जम बसेना. परत आफ्रिका, मग साठच्या दशकात पुन्हा लंडन. नाटकात आणि टीव्हीवर मिळतील ती लहानसहान कामं. सर हम्फ्री वाट्याला आले १९८०मध्ये, म्हणजे पन्नाशीत. तीस वर्षं झाली होती हो! या एका भूमिकेसाठी त्याला चार वेळा बाफ्टा पारितोषिक मिळालं. मंत्र्यांचं काम करणारा पॉल एडिंग्टनही तितकाच तोलाचा नट होता. तो शेजारी बसून टाळ्या वाजवत राहिला. मला त्याचंही वाईट वाटतं.

पण खरा हॉथॉर्न मला दिसला तो वेड लागलेल्या तिसऱ्या जॉर्ज राजाच्या भूमिकेत. ॲलन बेनेटचं नाटक १९९१चं. मी पाहिला तो १९९४चा चित्रपट, ज्यासाठी त्याला ऑस्करचं नामांकन होतं. या राजाला वाक्याच्या शेवटी 'व्हॉट, व्हॉट' म्हणायची सवय. आजारात ती जाते आणि तोंडातून नुसता शब्दांचा लोंढा वाहायला लागतो. सर हम्फ्री एकेक शब्द मुठीत ठेवून बोलायचे. त्याच माणसाच्या हातून इथे जीभच सुटलेली. पुढे एके दिवशी ते 'व्हॉट, व्हॉट' परत येतं आणि कळतं, राजा बरा झाला. त्या जागी माझ्या डोळ्यांत पाणी आलं. हिने विचारलं, "विनोदी आहे म्हणालात ना?"

१९९९मध्ये त्याने किंग लिअर केला. समीक्षकांनी फारसं कौतुक केलं नाही. २००१च्या डिसेंबरमध्ये तो गेला.

आता हे सगळं का सांगतोय ते सांगतो. आमचा धाकटा तुम्हाला माहीत आहे. आपल्या गणपतीतल्या नाटकात त्याने पहिल्यांदा तोंडाला रंग लावला. बी.कॉम. झाल्यावर मी बँकेच्या परीक्षेचा फॉर्म आणून दिला, तो त्याने भरला नाही. आज तो बेचाळीस वर्षांचा आहे. मालिकांमध्ये हवालदार, वकील, वधूचा मामा अशी कामं करतो. "काका, काल दिसला हं टीव्हीवर," असं लिफ्टमध्ये कुणी म्हणालं की मी विषय बदलायचो. हॉथॉर्नच्या तीस वर्षांचं कौतुक मी चारचौघांत केलं, पण घरी मुलाला विचारत राहिलो, "हे असं किती दिवस?" त्याची नाटकं पाहायलाही मी गेलो नाही. आधी नोकरीचं कारण होतं, नंतर गुडघ्यांचं.

गेल्या महिन्यात मी त्याला विचारलं, "सध्याच्या नाटकात तुझं काम किती आहे?" म्हणाला, "दोन प्रवेश, बाबा. दुसऱ्यात बोलायचं नाही, नुसतं उभं राहायचंय."

रविवारी दुपारचा प्रयोग आहे. तिकिटं मी स्वतः रांगेत उभं राहून काढली, तिसरी रांग. त्याला सांगितलेलं नाही, तुम्हीही सांगू नका. एक तिकीट जास्तीचं आहे. कुणाला यायचं असेल तर अडीच वाजता गेटपाशी या, रिक्षा सांगितली आहे.