सुराख-ए-मूश : इराणच्या तूमाजची गाणी

(तालुक्याच्या युवा शिबिरात दुसऱ्या दिवशी मांडलेलं भाषण. बोललं तसंच स्टेन्सिलवर घेतलं आहे.)



आम्हाला आज इराण देशातल्या एका गाणाऱ्याबद्दल बोलायचं आहे. इराण म्हणजे मुंबईत ज्यांनी कोपऱ्याकोपऱ्यावर इराणी हॉटेलं काढली त्यांचा मुलूख. लांबचा देश आहे. पण तिथली फारसी भाषा आपल्या तोंडात रोज असते. जमीन, सरकार, जमीनदार, कागद, फिर्याद, कैद, जामीन, आवाज, हे सगळे शब्द फारसीच्या वाटेने मराठीत आलेले आहेत. कचेरीत आपण जे जे ऐकतो त्यातलं बरंच तिकडून आलेलं. त्यामुळे या माणसाच्या गाण्यांची नावं सांगितली तरी तुम्हाला अर्धी समजतील, बघा.

त्याचं नाव तूमाज सालेही. जन्म १९९० चा. इराणच्या डोंगराळ भागात बख्तियारी नावाचे लोक राहतात. मेंढ्या घेऊन उन्हाळ्यात वर डोंगरावर आणि थंडीत खाली सपाटीला, असे फिरणारे पशुपालक ते पिढ्यानपिढ्या होते. त्यांच्याच मुलखात मस्जिद सुलेमान इथे १९०८ साली इंग्रजांच्या कंपनीला तेल लागलं. त्या सगळ्या भागातलं ते पहिलं मोठं तेल. तेल कुणाच्या जमिनीतून निघालं आणि पैसा कुणाकडे गेला हे इथे वेगळं सांगायला नको. तूमाज अशा बख्तियारी घरातला. बाप राजकीय कैदी होऊन आलेला. पोरगा धातूकाम करून पोट भरायचा आणि गाणी स्वतः लिहायचा. त्याच्या मागे कुठली कंपनी नाही, पक्ष नाही.

त्याचं गाणं म्हणजे रॅप. पोरांना माहीत आहे, मोठ्यांसाठी सांगतो. ताल धरून भरभर बोललेलं गाणं. सूर कमी, शब्द जास्त. आपल्याकडे बायका लग्नात समोरच्या पार्टीला नावं ठेवत एका दमात गाणं रचतात ना, त्याच्या जवळचं समजा.

आता तिथला कायदा ऐका. १९७९ साली राजा गेला आणि धर्मगुरूंचं राज्य आलं. तेव्हापासून गाणं छापायचं, विकायचं किंवा कार्यक्रम करायचा तर सरकारी मंत्रालयाचा परवाना लागतो. शब्द आधी दाखवायचे, चाल दाखवायची, मग शिक्का. पुरुष बसलेत त्या सभेत बाईने एकटीने गायला बंदी. रॅपला तर परवाना मिळणं जवळपास अशक्यच. म्हणून तूमाजसारखे लोक परवान्याच्या वाटेलाच जात नाहीत. गाणं तयार करायचं आणि इंटरनेटवर सोडायचं. ते या फोनवरून त्या फोनवर जातं.

यात एक गंमत आहे. राजाच्या काळात आजच्या सत्तेचा मूळ नेता खोमेनी परदेशात होता. त्याची भाषणं कॅसेटवर भरून, त्यांच्या कॉप्या करून इराणभर वाटली गेली. ते राज्य आलंच मुळी चोरून ऐकलेल्या आवाजावर! त्यामुळे एका आवाजात काय ताकद असते हे त्यांना आपल्यापेक्षा जास्त माहीत आहे. म्हणून भितात.

तूमाजचं २०२१ चं एक गाणं आहे, ‘नॉर्मल’. नाव इंग्रजीच. गरिबी आहे, उपासमार आहे, मजुरी पुरत नाही, आणि वरून सांगतात की सगळं नॉर्मल आहे, ठीक चाललंय. एवढाच विषय. दुसरं ‘तुर्कमानचाय’. हे एका तहाचं नाव. १८२८ साली इराणच्या राजाने लढाई हरल्यावर रशियाबरोबर हा तह केला आणि येरेवान, नखिचेवान हे मुलूख कायमचे देऊन टाकले. दोनशे वर्षं होत आली तरी तिथल्या लोकांत कुणी वाईट सौदा केला की ‘तुर्कमानचाय केलं’ असं म्हणतात. जमीन गेलेली माणसं विसरत नाहीत, कागद कितीही जुना होवो.

पण ज्या गाण्याने त्याचं नाव घरोघरी गेलं ते ‘सुराख-ए-मूश’. सुराख म्हणजे भोक, बीळ. मूश म्हणजे आपला मूषक, उंदीर. उंदराचं बीळ. या गाण्यात तो मंत्र्यासंत्र्यांच्या मागे लागत नाही. तो वळतो गप्प बसलेल्यांकडे. नामवंत कलाकार, पत्रकार, परदेशात बसून सरकारची बाजू सावरणारे, अन्याय दिसूनही नजर फिरवणारे. त्यांना सांगतो की तुमचा दिवस येईल तेव्हा लपायला आत्ताच एक बीळ विकत घेऊन ठेवा. सप्टेंबर २०२१ मध्ये पोलीस घरी आले आणि त्याला घेऊन गेले. गुन्हा : सर्वोच्च नेत्याचा अपमान आणि राज्याविरुद्ध प्रचार. काही दिवसांनी जामिनावर सुटला.

या गाण्यावरून आमच्यात भांडण झालं होतं. काही जण म्हणाले, गप्प बसणाऱ्याला उंदीर म्हणणं बरोबर नाही. ज्या बाईची पोरं लहान आहेत, नवरा आधीच केसमध्ये अडकलाय, ती बोलली नाही तर ती काय उंदीर? आमचं म्हणणं असं की तूमाज तिला म्हणत नाही. ज्याच्या बोलण्याला किंमत आहे, ज्याला पाडायला वेळ लागेल, आणि तरी जो मान खाली घालून मानधन घेतो, त्याला म्हणतो. हा फरक गाण्यात नीट ऐकला तर कळतो. तरीही आम्हाला वाटतं, त्याची जीभ कधीकधी गरजेपेक्षा जास्त धारदार होते. धातू कापणाऱ्याची जीभ, असू दे.

मग २०२२ आलं. १६ सप्टेंबरला महसा अमिनी नावाची बावीस वर्षांची कुर्दी मुलगी तेहरानमध्ये पोलिसांच्या ताब्यात असताना वारली. डोक्यावरचा रुमाल नियमाप्रमाणे नाही म्हणून तिला पकडलं होतं. सरकार म्हणालं आजाराने गेली. घरच्यांनी ते मानलं नाही. देशभर लोक रस्त्यावर आले. बायकांनी रुमाल काढून जाळले. घोषणा कुर्दी बायांच्या चळवळीतली होती : बाई, जगणं, आझादी. तूमाज घरात बसला नाही. रस्त्यावर उतरला, स्वतःचे व्हिडिओ काढून टाकत राहिला. याच काळात त्याचं ‘मैदान-ए-जंग’ आलं, अर्थ सांगायची गरजच नाही. आणि ‘फाल’ आलं. फाल म्हणजे भविष्य पाहणं. कॉफी पिऊन झाली की कपात जो गाळ उरतो त्यावरून तिकडे भविष्य सांगतात. आपल्याकडे भगत सुपात तांदळाचे दाणे बघतो तसं. गाण्यात तूमाज भगत होतो आणि सत्तेच्या माणसाचा कप वाचतो. कपात काय दिसलं असेल ते ओळखा. आम्हाला हे गाणं सगळ्यांत आवडतं, कारण त्यात ओरडा नाही, थट्टा आहे. थट्टेवर कलम लावायला सरकारलाही जरा विचार करावा लागतो.

पण लावलंच. ३० ऑक्टोबर २०२२ ला पुन्हा पकडला. सरकारी माध्यमांनी त्याचा एक व्हिडिओ दाखवला. डोळ्यांवर पट्टी आणि तोंडातून ‘चूक झाली’. असा व्हिडिओ कसा तयार होतो हे लोकांना कळत होतं. जुलै २०२३ मध्ये सहा वर्षं तीन महिन्यांची शिक्षा झाली. नोव्हेंबरमध्ये वरच्या कोर्टाने निकालात खोट काढली आणि तो जामिनावर बाहेर आला. बाहेर येऊन त्याने काय करावं? आत कसं मारलं, किती दिवस एकट्याला कोंडलं, हे कॅमेऱ्यासमोर बसून सांगितलं. सुटून दोन आठवडेही झाले नव्हते. पुन्हा अटक.

२४ एप्रिल २०२४ ला त्याच्या वकिलाने जाहीर केलं की इस्फहानच्या क्रांतिकारी न्यायालयाने फाशी दिली आहे. कलम होतं ‘इफसाद फिल-अर्ज’. इफसाद म्हणजे फसाद माजवणं. अर्ज म्हणजे इथे जमीन, पृथ्वी. (तहसीलमध्ये आपण लिहितो तो अर्ज वेगळा, तोही तिकडचाच शब्द.) पृथ्वीवर फसाद माजवला, म्हणून फाशी. माणसाने काय केलं तर गाणी म्हटली आणि मोर्चात गेला! आणि ही धमकी पोकळ नव्हती, या आंदोलनातल्या पोरांना डिसेंबर २०२२ पासून फाशी दिलेली होती. जगभर गाणाऱ्यांनी, लिहिणाऱ्यांनी आवाज केला. वकील वरच्या कोर्टात गेला. २२ जून २०२४ ला तिथे फाशी रद्द झाली, खटला परत पाठवला. १ डिसेंबर २०२४ ला तूमाज सुटला. मधले ते बारा दिवस सोडले तर दोन वर्षांहून जास्त आत होता. जगभरच्या आवाजाचा उपयोग झाला की वकिलाच्या कागदाचा? आम्हाला वाटतं दोन्हीचा. नुसती घोषणा कोर्टात दाखल करता येत नाही, आणि नुसता कागद रात्री उशिरा कुणी उघडून बघत नाही.

तो एकटा नाही हेही सांगायला हवं. शेरविन हाजीपूर नावाच्या पोराने लोकांनी इंटरनेटवर लिहिलेली कारणं, आम्ही कशासाठी रस्त्यावर आलो ती, एकापुढे एक लावून ‘बराये’ हे गाणं केलं. बराये म्हणजे ‘साठी’. दोन दिवसांत कोट्यवधी लोकांनी ऐकलं, आणि त्यालाही उचललं. आणि अहवाझ शहरातला मेहदी यर्राही. अरब घरातला, तेलाच्या मुलखातला. कार्यक्रमात संपकरी पोलाद कामगारांचा गणवेश घालून उभा राहिलेला माणूस. त्याने ऑगस्ट २०२३ मध्ये ‘रूसरीतो’ हे गाणं सोडलं. रूसरी म्हणजे डोक्यावरचा रुमाल. त्यातला ‘सर’ म्हणजे डोकं, आपल्या सरपंचातला सर तोच. तुझा रुमाल, असं गाण्याचं नाव, आणि गाणं इराणच्या बायकांना वाहिलेलं. तीन दिवसांत अटक. शिक्षेत कैद होती आणि चौऱ्याहत्तर फटके होते. ५ मार्च २०२५ ला ते फटके खरोखर मारले. २०२५ साली, गाण्यासाठी, चाबकाने.

आमच्याकडे यातली चार गाणी फोनमध्ये आहेत. शब्द कळणार नाहीत, पण नावं आता तुम्हाला माहीत आहेत. जेवणं झाल्यावर स्पीकरला जोडून लावतो. बॅटरी किती चालेल सांगता येत नाही, म्हणून आधी उंदराचं, मग कपातलं. आयांनो, तुम्ही पुढे बसा.