पटाच्या दोन्ही बाजूंना आपल्याच

आज बुद्धिबळाविषयी बोलणार आहे. लगेच रेडिओ बंद करू नका. घोडा अडीच घरं चालतो, यापलीकडे मलाही फारसं कळत नाही. आज खेळापेक्षा खेळणाऱ्या बायकांची गोष्ट सांगायची आहे.

काळ्या समुद्राच्या काठावर जॉर्जिया नावाचा छोटा देश आहे. तिथल्या बाटुमी शहरात २०२५ च्या जुलैमध्ये महिलांचा बुद्धिबळ विश्वचषक झाला. जगभरातून १०७ जणी आल्या होत्या. हरली की घरी, अशी ती स्पर्धा. शेवटच्या सामन्याला पटाच्या दोन्ही बाजूंना बसल्या त्या दोघी भारतातल्या. एक आपल्या नागपूरची दिव्या देशमुख, वय १९. समोर आंध्र प्रदेशातल्या कोनेरू हम्पी, वय ३८. म्हणजे बरोबर दुप्पट. शिवाय घरी शाळेत जाणारी लेक.

दिव्या जिंकली, हे तुम्ही ऐकलंच असेल. तिच्याकडे येतेच. पण आधी हम्पीताईंबद्दल सांगते, कारण हारतुरे जिंकणारीच्या गळ्यात पडतात आणि समोरची कोण होती हे कुणी विचारत नाही.

हम्पीताईंना वडिलांनी शिकवलं. ते कॉलेजात शिकवायचे. मुलीसाठी नोकरी सोडली. दहा वर्षांखालच्या, बारा वर्षांखालच्या, चौदा वर्षांखालच्या मुलींमध्ये ही मुलगी जगात पहिली आली. २००२ साली, पंधराव्या वर्षी, ती ग्रँडमास्टर झाली. बुद्धिबळातला हा सगळ्यात मोठा किताब. इतक्या लहान वयात तो मिळवणारी तोवर जगात एकही मुलगी नव्हती. आमच्या एका आजीबाईंनी विचारलं होतं, "खेळून पोट भरतं का गं?" तर भरतं, आजी. हम्पीताई ओएनजीसी या सरकारी तेल कंपनीत नोकरीला आहेत, ती या खेळामुळेच.

मग लग्न झालं. २०१७ साली मुलगी झाली, आणि खेळ थांबला. साधारण दोन वर्षं त्या स्पर्धेत दिसल्या नाहीत. बुद्धिबळात दोन वर्षं म्हणजे खूप. बाकीच्या रोज सहा-सहा, आठ-आठ तास सराव करत असतात, नवे डाव शोधत असतात. आणि इकडे बाळाची झोप, बाळाचं दूध. वेगळं सांगायला नको.

२०१८ मध्ये त्या परत आल्या. कुठे? त्याच बाटुमीत. तेव्हा तिथे ऑलिंपियाड होतं, म्हणजे देशादेशांच्या संघांची स्पर्धा. त्याच वर्षाअखेर जागतिक अजिंक्यपदाच्या स्पर्धेत त्या लवकर बाहेर पडल्या. तेव्हा कुणीही म्हटलं असतं, झालं आता. पण डिसेंबर २०१९ मध्ये मॉस्कोला झटपट बुद्धिबळात त्या जगज्जेत्या झाल्या. पाच वर्षांनी, डिसेंबर २०२४ मध्ये, न्यूयॉर्कला पुन्हा. त्या स्पर्धेत तर पहिलाच डाव हरल्या होत्या.

हे वाचत होते तेव्हा मला आमच्या एका गटाचं दप्तर आठवलं. तिथली सचिव चोख हिशेब ठेवायची. बाळंतपणाला माहेरी गेली तेव्हा दप्तर दुसरीकडे दिलं. ते बरोबरच होतं. ती परत आली, बैठकांना यायला लागली, बाळ मांडीवर घेऊन बसायची. पण दप्तर तिला परत द्यावं असं कुणाच्या मनात आलं नाही. तिनं मागितलं नाही. "तिला आता कुठे जमणार" हे वाक्य तिला न विचारता बोललं गेलं, आणि ते बोलणारी मीच होते.

बाळंतपणाचा विषय निघालाच आहे तर द्रोणवल्ली हरिकाचंही सांगते. २०२२ साली चेन्नईजवळ ऑलिंपियाड झालं, तेव्हा तिला नववा महिना होता. त्या अवस्थेत ती भारतासाठी खेळली. संघाला कांस्यपदक मिळालं, आणि काही दिवसांतच तिला मुलगी झाली. माझं म्हणणं असं नाही की प्रत्येकीनं नवव्या महिन्यात कामाला जुंपून घ्यावं. आपल्याकडे शेतात तसं होतंच, आणि ते हौसेनं होत नाही. हरिकाला खेळायचं होतं, डॉक्टर हाताशी होते, आणि निर्णय तिचा होता. फरक तिथे आहे.

पटाशी बसायला मिळणं हेही पूर्वी सोपं नव्हतं. मुंबईच्या खाडिलकर बहिणी आठवतात का? 'नवाकाळ'चे संपादक नीळकंठ खाडिलकर यांच्या मुली. महिलांची पहिली राष्ट्रीय स्पर्धा १९७४ साली झाली, ती वासंती जिंकली. पुढच्या वर्षी जयश्री. त्याच्या पुढच्या वर्षी सगळ्यात धाकटी रोहिणी, वय फक्त १३. एकाच घरात तीन वर्षं तीन अजिंक्यपदं! रोहिणी १९७६ मध्ये पुरुषांच्या राष्ट्रीय स्पर्धेतही उतरली. त्यावरून एवढा गदारोळ झाला की प्रकरण हायकोर्टात गेलं. जागतिक संघटनेच्या अध्यक्षांना सांगावं लागलं की बाईला अशा स्पर्धेतून अडवता येणार नाही. पट तोच, सोंगट्या त्याच, वजन उचलायचं नाही की धावायचं नाही, तरी अडवणारे होतेच.

आता दिव्या. आईवडील दोघेही डॉक्टर. मुलगी पाच वर्षांची असल्यापासून पटावर. २०२४ च्या जानेवारीत नेदरलँड्समधल्या मोठ्या स्पर्धेत ती खेळली, तेव्हा अठरा वर्षांची होती. परत आल्यावर तिनं उघडपणे लिहिलं की आपण चांगले डाव खेळलो, पण बघणाऱ्यांचं लक्ष कपड्यांवर, केसांवर, बोलण्याच्या ढबीवर होतं. ग्रामसभेत बोलायला उभ्या राहिलेल्या मैत्रिणींना हे कळेल. मुद्दा कुणी ऐकत नाही, पदर कसा होता ते आठवडाभर चालतं. दिव्यानं ते गिळलं नाही, लिहिलं. त्याच वर्षी ती वीस वर्षांखालच्या मुलींमध्ये जगज्जेती झाली, आणि ऑलिंपियाडमध्ये भारतीय महिलांनी पहिल्यांदा सोनं मिळवलं त्या संघातही ती होती.

बाटुमीच्या त्या सामन्यात पहिले दोन मोठे डाव बरोबरीत सुटले. २८ जुलैला झटपट डाव झाले. पहिला पुन्हा बरोबरीत. दुसऱ्यात दिव्याकडे काळ्या सोंगट्या होत्या, म्हणजे पहिली चाल समोरचीची. घड्याळात वेळ कमी उरला, हम्पीताई चुकल्या आणि दिव्या जिंकली. एरवी ग्रँडमास्टर व्हायला मोठ्या स्पर्धांमध्ये तीनदा ठरावीक दर्जाचा खेळ दाखवावा लागतो. दिव्याचं त्यातलं एकही झालेलं नव्हतं, पण विश्वचषक जिंकल्यामुळे किताब थेट मिळाला. ती भारताची ८८ वी ग्रँडमास्टर. या ८८ जणांत बाया किती? चार. हम्पी, हरिका, चेन्नईची वैशाली आणि ही दिव्या.

जिंकल्यावर दिव्या आईच्या गळ्यात पडून रडली. तो व्हिडिओ मी तीन-चारदा पाहिला. हम्पीताई मात्र त्यात दिसत नाहीत.

येत्या सोमवारी आमच्या त्या गटाची बैठक आहे. दप्तर मी मागवून घेतलंय. कुणाकडे द्यायचं ते तिच्यासमोरच विचारणार आहे, आणि पहिल्यांदा तिलाच.