टाळी वाजवणारे आणि उत्तर देणारे

गिरगावच्या साहित्य संघात किंवा दादरच्या शिवाजी मंदिरात ज्याने संगीत नाटक पाहिले आहे, त्याला प्रेक्षक म्हणजे काय हे सांगावे लागत नाही. पद रंगले की वन्समोअर, नाही रंगले की खोकल्याची साथ! हा कौल आपणहून येतो. दूरचित्रवाणीवरच्या खेळांनी मात्र प्रेक्षक मुद्दाम आणून बसवला आणि टाळी केव्हा वाजवायची, तेही त्याला खुणेने सांगितले.

कशासाठी? घरी एकट्याने पाहणाऱ्याला चारचौघांत बसल्यासारखे वाटावे, हे एक. आणि इतकी माणसे समोर आहेत, तेव्हा खेळ खराच असणार, असा विश्वास बसावा, हे दुसरे. अमेरिकेत 'ट्वेंटी-वन' या खेळात १९५६ च्या अखेरीस चार्ल्स व्हॅन डोरेन नावाचा महाविद्यालयीन अध्यापक (आमच्याच व्यवसायातला, बरं का) उतरला आणि आठवडेच्या आठवडे जिंकत गेला. १९५९ साली त्याने तिथल्या संसदेच्या समितीपुढे कबूल केले, की उत्तरे आपल्याला आधीच मिळत होती. म्हणजे लबाडी वर मंचावर चाललेली, आणि खाली बसलेली मंडळी मात्र खरोखरीच श्वास रोखून होती! त्या नाटकात तेवढीच एक गोष्ट अस्सल होती, आणि तिच्याच जोरावर ते खपले.

आपल्याकडे २००० साली 'कौन बनेगा करोडपती' आले. मुंबईचाच हर्षवर्धन नवाथे त्यातला पहिला करोडपती. मूळ खेळ १९९८ चा, ब्रिटनमधला. त्यात प्रेक्षकाच्या हाती बटणे आली; खेळाडू अडला की त्याने सभागृहाला विचारावे. मला ही सुधारणा फार मोलाची वाटते.

शिक्षकबंधूंनो, हे गणित वर्गात जरूर करून पाहा. समजा, प्रेक्षक १०० आणि पर्याय चार. उत्तर फक्त २० जणांना येते. उरलेले ८० अंदाजाने बटण दाबतात, म्हणजे प्रत्येक पर्यायाला साधारण २०. बरोबर पर्यायाला जाणत्यांचे २० मिळून झाले ४०! बहुतेकांना काही येत नसताना सभेला मात्र उत्तर येते. अमेरिकी आवृत्तीत प्रेक्षकांचे उत्तर शेकडा ९१ वेळा बरोबर निघे, फोनवरच्या जाणत्या मित्राचे सुमारे ६५ वेळा, असे जेम्स सुरोविकी यांनी २००४ साली नोंदवले आहे. अर्थात सभेला बहुधा सोपेच प्रश्न विचारतात. शिवाय न येणाऱ्यांचे अंदाज चहूकडे विखुरले तरच हे जमते. ऑस्ट्रेलियाची राजधानी विचारा. सगळे एकदिलाने सिडनी म्हणतील आणि बिचारे कॅनबेरा मागे पडेल.

२००४ साली सुरू झालेल्या 'होम मिनिस्टर'ने तर स्टुडिओच सोडला. आदेश बांदेकर पैठणी घेऊन थेट घरी जात. असा खेळ लालबाग-परळच्या चाळीत आला, की दारात आणि गॅलरीत उभे राहणारे शेजारीच प्रेक्षक. त्यांना खूण करायला कोणी लागत नाही. नवऱ्याने स्वयंपाकाची बढाई मारली, की हसू आधी शेजारच्या खोलीतून येते.