संग्रहालयाकडून पाण्याकडे

(चितेगाव येथे शिक्षक, पालक व तरुण कार्यकर्ते यांच्यासमोर झालेल्या व्याख्यानाचा मजकूर)



चितेगाव हे छत्रपती संभाजीनगरहून पैठणला जाणाऱ्या रस्त्यावरील गाव. एका हाताला शहर, दुसऱ्या हाताला गोदावरी. सुटीच्या दिवशी कुटुंबाने कोठे जावयाचे असा प्रश्न निघाला, म्हणजे वडीलधाऱ्यांचे मत देवदर्शनाकडे झुकते आणि मुलांचे पाण्याकडे, नावेकडे. वस्तुसंग्रहालयाचे नाव सहसा कोणी काढीत नाही. शाळेच्या सहलीत ते असते खरे. पण काचेच्या कपाटांपुढून मुलांची रांग भराभर पुढे सरकते आणि बाहेर पडताना कोणाच्याही मनात काही उरत नाही.

याचा दोष मुलांचा नाही आणि संग्रहालयाचाही नाही. कपाटात ठेवलेली वस्तू तिच्या मूळ जागेपासून तुटलेली असते. ती कोठून आली, कोणत्या वाटेने आली, कोणाच्या हाताने घडली, हे पाहणाऱ्याला दिसत नाही. उलट, नुसत्या नौकाविहारात जागा दिसते, परंतु तेथे पूर्वी काय होते हे कळत नाही. म्हणून या दोन गोष्टी एकाच सहलीत, एकीमागून एक, घडविल्या पाहिजेत. आधी संग्रहालय, नंतर पाणी. वस्तू पाहून तयार झालेली नजर घेऊन माणूस नावेत बसला, म्हणजे करमणुकीतूनच शिक्षण होते.

दगडी हत्ती आणि त्याचे बेट

याचे सर्वांत परिचित उदाहरण मुंबईत आहे. गेटवे ऑफ इंडियापासून चालत जाण्याच्या अंतरावर छत्रपती शिवाजी महाराज वस्तुसंग्रहालय आहे. त्याची कोनशिला १९०५ साली बसविली गेली व ते १९२२ साली लोकांसाठी खुले झाले. या संग्रहालयात घारापुरीहून आणलेली काही प्राचीन शिल्पे आहेत. त्यांत ब्रह्मा आहे, महिषासुरमर्दिनी आहे. ती पाहून गेटवेवरून लाँच पकडली, की तासाभराच्या प्रवासानंतर घारापुरी येते. लेण्यातील प्रचंड त्रिमूर्तीसमोर उभे राहिल्यावर, सकाळी दालनात पाहिलेल्या मूर्ती कोणत्या कुळातील आहेत हे वेगळे सांगावे लागत नाही.

या बेटाचे ‘एलिफंटा’ हे नाव पोर्तुगिजांनी तेथील एका दगडी हत्तीवरून ठेवले. १८६४ साली तो हत्ती इंग्लंडला नेण्यासाठी उचलण्यात आला, तेव्हा यारीची साखळी तुटून तो कोसळला व त्याचे तुकडे झाले. पुढे ते तुकडे जोडून हत्ती भायखळ्याच्या राणीच्या बागेत, डॉ. भाऊ दाजी लाड संग्रहालयाजवळ उभा करण्यात आला. म्हणजे आज बेटाला नाव देणारा हत्ती शहरात आहे आणि त्याचे नाव धारण करणारे बेट समुद्रात आहे. या दोहोंना जोडणारा प्रवास पाण्यावरूनच होतो.

गोव्यातील नदीची कमान

मुंबईचा प्रवास खाडी-समुद्राचा आहे; नदीचे उदाहरण गोव्यात सापडते. जुन्या गोव्यात फ्रान्सिस्कन मठाच्या इमारतीत भारतीय पुरातत्त्व खात्याचे संग्रहालय १९६४ पासून आहे. त्याच्या वरच्या मजल्यावर पोर्तुगीज व्हाइसरॉय व गव्हर्नर यांची चित्रे ओळीने लावलेली आहेत. चेहऱ्यामागून चेहरा पाहताना मूल कंटाळते. पण तेथून थोडे चालत मांडवीच्या धक्क्याकडे गेले, की वाटेत व्हाइसरॉयची कमान लागते. वास्को द गामाचा पणतू फ्रान्सिस्कु द गामा हा व्हाइसरॉय असताना, सोळाव्या शतकाच्या अखेरीस, ती उभारण्यात आली. चित्रांतील ते अधिकारी नदीमार्गे येत व याच कमानीतून शहरात प्रवेश करीत. पुढे धक्क्यावर दिवाडी बेटाकडे जाणारी फेरीबोट उभी असते. तिच्यात बसून, पाण्यावरून मागे वळून कमानीकडे पाहिले, म्हणजे सत्ता या भूमीवर कोणत्या दिशेने आली हे एका दृष्टिक्षेपात कळते. या धड्यासाठी खर्चिक विहारनौका लागत नाही. रोजच्या प्रवाशांची फेरीबोट पुरते.

पॅरिसमध्येही हेच तत्त्व दिसते. सीन नदीच्या एका काठावर लूव्र, तर दुसऱ्या काठावर जुन्या रेल्वे स्थानकाच्या इमारतीत १९८६ साली सुरू झालेले ओर्से संग्रहालय आहे. ओर्सेमध्ये मोने व त्याच्या समकालीनांनी रंगविलेली सीन नदी भिंतीवर आहे आणि तीच नदी इमारतीबाहेर वाहत आहे. चित्रे पाहून नौकेत बसलेल्या प्रवाशाला पाण्यावरील उजेड निराळा दिसू लागतो. यातून नदीकाठच्या प्रत्येक संग्रहालयाने शिकण्यासारखे आहे.

पैठण : घराजवळचे उदाहरण

आता चितेगावच्याच रस्त्याने दक्षिणेकडे वळावे. संभाजीनगर ते पैठण हे अंतर सुमारे ५० किलोमीटर. चितेगावहून त्याहूनही कमी. पैठण म्हणजे सातवाहनांची राजधानी प्रतिष्ठान. इसवी सनाच्या पहिल्या शतकातील एका ग्रीक व्यापारी ग्रंथात, ‘पेरिप्लस’मध्ये, या नगराचा उल्लेख आहे. भडोच बंदरापासून दक्षिणेस वीस दिवसांच्या वाटेवर पैठण असून तेथून अकीकासारखे मौल्यवान दगड मोठ्या प्रमाणात गाड्यांतून बंदराकडे जात, असे त्यात नमूद आहे.

या नगरीचे अवशेष लोकांपुढे मांडणारे संग्रहालय पैठणमध्येच आहे. पैठणचे बाळासाहेब पाटील यांनी आयुष्यभर जमविलेल्या पुराणवस्तूंवर ते उभे आहे व त्यांचेच नाव त्याला दिलेले आहे. सातवाहनकालीन नाणी, मणी, भाजलेल्या मातीच्या मूर्ती या प्रकारच्या लहान वस्तू हे पैठणचे खरे धन होय. राजवाडे पडले, परंतु बायकांच्या गळ्यातील मणी आणि बाजारातील नाणी मातीत टिकून राहिली.

अशा संग्रहालयात कुटुंबाने सर्वच पाहण्याचा हट्ट धरू नये. प्रत्येक मुलाने तीन वस्तू निवडाव्यात : एक दगडाची, एक मातीची, एक धातूची. त्यांचे चित्र वहीत काढावे व खाली एकच प्रश्न लिहावा, ‘ही येथे कशी आली?’ या प्रश्नाचे उत्तर पुढे नदी देते.

मण्याचेच पाहा. दख्खनचा काळा खडक ज्वालामुखीच्या लाव्हारसाचा आहे. त्यातील पोकळ्यांत हळूहळू साठून अकीक तयार होतो. खडक झिजला की हे दगड सुटे होतात आणि नद्या ते वाहून आणून काठच्या वाळूगोट्यांत टाकतात. सकाळी कपाटात मणी पाहिलेल्या मुलाने दुपारी गोदेच्या काठी तसाच चमकदार गोटा पाहिला, तर दोन हजार वर्षांपूर्वीच्या कारागिराचा कच्चा माल कोणता होता हे त्याला कोणी शिकविण्याची गरज उरत नाही.

नाण्यांचेही तसेच. यज्ञश्री सातकर्णी या सातवाहन राजाच्या काही नाण्यांवर दोन डोलकाठ्यांचे जहाज आहे. अशी नाणी आंध्र व कोरोमंडल किनाऱ्याकडे सापडतात. आणि पैठणपासून वाहत जाणारी गोदावरी शेवटी पूर्वेच्या समुद्रालाच मिळते. समुद्रापासून इतक्या दूर राजधानी असलेल्या घराण्याने नाण्यावर जहाज का कोरले असेल, हा प्रश्न नावेत बसून विचारला, म्हणजे त्याला वजन येते.

पाण्याखालील गावे

पैठणचे पाणी म्हणजे आज मुख्यत्वे नाथसागर. जायकवाडी प्रकल्पाची कोनशिला १८ ऑक्टोबर १९६५ रोजी पंतप्रधान लालबहादूर शास्त्री यांच्या हस्ते बसविली गेली आणि २४ फेब्रुवारी १९७६ रोजी पंतप्रधान इंदिरा गांधी यांच्या हस्ते धरणाचे उद्घाटन झाले. सुमारे १० किलोमीटर लांबीचे हे मातीचे धरण, त्याचे २७ दरवाजे आणि मागे सुमारे ३५० चौरस किलोमीटर पसरणारा जलाशय. या पाण्यावर मराठवाड्यातील शेती भिजते, शहराची व उद्योगांची तहान भागते. १९८६ साली या परिसरास पक्षी अभयारण्याचा दर्जा मिळाला. हिवाळ्यात येथे रोहित आणि नाना जातींची बदके दूरदेशांहून उतरतात.

परंतु या पाण्यावर नौकाविहार करणाऱ्याने आणखी एक गोष्ट मनात ठेवली पाहिजे. जलाशय भरला तेव्हा शंभरावर गावांना त्याची झळ पोहोचली. घरे, विहिरी, पार, देवळे, शेते सोडून माणसे नव्या जागी गेली. सातवाहनांची नगरी मातीखाली गेली ती शतकानुशतकांच्या ओघात. ही गावे पाण्याखाली गेली ती आज हयात असलेल्या माणसांच्या डोळ्यांदेखत. सातवाहनांच्या नाण्यांना संग्रहालयात जागा मिळाली. या गावांच्या उंबऱ्यांना, जात्यांना, दस्तांना आणि आठवणींना जागा कोणती?

म्हणून सहलीत शक्य झाल्यास पुनर्वसित गावातील एखाद्या आजोबांना किंवा आजींना सोबत घ्यावे. काठावर उभे राहून ‘आमची वेस त्या बाजूला होती’ असे त्यांनी हात करून दाखविले, तर ते एक वाक्य कोणत्याही फलकावरील मजकुरापेक्षा मुलांच्या मनात अधिक काळ राहील.

दक्षता आणि कर्तव्य

नौकाविहाराचा आनंद सुरक्षिततेशी बांधलेला आहे. १८ डिसेंबर २०२४ रोजी घारापुरीकडे निघालेल्या प्रवासी लाँचवर एक वेगवान बोट आदळून पंधरा जणांना प्राण गमवावे लागले. हा धडा समुद्रापुरता मर्यादित नाही. मोठ्या जलाशयावर वारा सुटला की लाटा उठतात. नाव परवानगीची असावी, क्षमतेपेक्षा अधिक माणसे तीत नसावीत, प्रत्येकाच्या अंगात जीवरक्षक जाकीट असावे. जाकीट नसेल, तर नाव काठावरूनच पाहावी. त्यात कमीपणा नाही. पावसाळ्यात धरणाचे दरवाजे उघडल्यास खालच्या पात्रातील पाणी झपाट्याने वाढते, तेव्हा घाटाच्या खालच्या पायऱ्यांवर थांबू नये. नावेची सोय पाण्याच्या पातळीवर व परवानगीवर अवलंबून असते, संग्रहालयासही साप्ताहिक सुटी असते. यास्तव निघण्यापूर्वी चौकशी अवश्य करावी. पक्ष्यांच्या थव्यांजवळ नाव नेऊ नये, आरडाओरडा करू नये. आणि पाण्यात काहीही टाकू नये. ते घरोघरी प्यावयाचे पाणी आहे.

दुसरी दक्षता पुराणवस्तूंबाबत. नदीकाठी वा शेतात जुने नाणे, मूर्ती, दागिना सापडल्यास तो खिशात घालणे किंवा भंगारवाल्यास विकणे म्हणजे गावाच्या इतिहासाचे पान फाडणे होय. १८७८ च्या निखात निधी कायद्यान्वये, दहा रुपयांहून अधिक किमतीचा जमिनीत दडलेला ठेवा सापडल्यास जिल्हाधिकाऱ्यांना कळविणे बंधनकारक आहे. आणि १९७२ च्या पुराणवस्तुविषयक कायद्याने जुन्या कलावस्तू खाजगीरीत्या देशाबाहेर पाठविण्यास बंदी आहे. वस्तू कोठे सापडली हे कळले नाही, तर तिची अर्धी किंमत तेथेच संपते. सोन्याचे तुकडे वितळवता येतात. जागेची माहिती एकदा हरवली की परत मिळत नाही.

एका दिवसाचा कार्यक्रम

चितेगावच्या कुटुंबासाठी हा कार्यक्रम अवघड नाही. सकाळची एस.टी. धरून पैठण गाठावे. ऊन चढण्यापूर्वी संग्रहालय पाहावे व तीन वस्तूंची नोंद करावी. नंतर गावात फिरून नाथांचा वाडा, तीर्थखांब व नागघाट पाहावा. पैठणी विणणाऱ्या कारागिराच्या मागापुढे दहा मिनिटे शांत उभे राहावे, म्हणजे जुनी कला केवळ कपाटात नसते, ती माणसाच्या बोटांतही असते, हे समजेल. भाकरी सोडावी, थोडी विश्रांती घ्यावी. ऊन उतरल्यावर पाण्याकडे जावे. सोय असेल तर नावेत बसावे, नसेल तर काठावर बसावे, आणि वहीतील प्रश्न पुन्हा वाचावा.

घरी परतल्यावर काम संपत नाही. शाळेत एक कपाट मोकळे करावे. त्यात पाण्याखाली गेलेल्या गावांतून आलेले जुने माप, दिवा, छायाचित्र, लग्नपत्रिका, जे कोणी विश्वासाने देईल ते, नाव व गाव लिहून ठेवावे. बाळासाहेब पाटलांचा संग्रहही एका माणसाच्या हौसेतूनच सुरू झाला होता. असे कपाट भरू लागले, तर पुढच्या सुटीत चितेगावच्या मुलांना नावेत बसण्याआधी पाहावयास आपल्याच शाळेत एक लहानसे संग्रहालय असेल, आणि पाण्याखाली गेलेल्या एखाद्या वेशीचे नाव तेथे वाचावयास मिळेल.